भूत मागून यावं

दत्तजयंतीला सारंगखेड्याच्या जत्रेत घोडे बघून होतात, गोडीशेवची पुडी हातात येते आणि पाय आपसूक पाळण्यांकडे वळतात. तिथंच कडेला पत्र्यावर रंगवलेली लाल जिभेची हडळ. भूतबंगल्यात जायचं तर भर दुपारी जावं. संध्याकाळी जाणारे नुसते हौशी.

उन्हातून आलेल्या डोळ्यांना अंधार पुरता सरावायला 20 ते 30 मिनिटं लागतात, आणि इथली फेरी चार-पाच मिनिटांत आटोपते. म्हणजे गिऱ्हाईक शेवटपर्यंत आंधळं. भूत मात्र सकाळपासून आत उभं. त्याला तुमचा चेहरा, हातातली पुडी, सगळं दिसतं. अट एवढीच, की दाराशी दोन पडदे हवेत आणि मध्ये एक वळण. एकाच पडद्यावर भागवलं की दर गिऱ्हाइकामागून ऊन आत येतं आणि भूतच दिपून जातं. पत्र्यातली खिळ्यांची भोकंही बुजवावी लागतात. दिवा लावायचाच तर लाल आणि मिणमिणता. त्यानं सरावलेले डोळे फारसे बिघडत नाहीत.

बहुतेक भुतं चुकतात ती जागेत. समोरून उडी मारतात. माणसं किंचाळत मागं पळतात, मागच्यांवर आदळतात, वाट तुंबते. समोर नुसता पुतळा ठेवावा, सगळ्यांच्या नजरा त्याच्यावर. खरं भूत मागून यावं, नाहीतर बाजूच्या फटीतून; मग घोळका आपणहून दाराकडे सरकतो. दोन घोळक्यांत अंतर असं हवं, की पुढच्यांची किंकाळी ऐकू यावी पण भूत दिसू नये. तेवढ्यात त्यालाही कोनाड्यात परतून दम खाता येतो.

कण्हण्याच्या भानगडीत पडू नये, बाहेरच्या जनरेटरपुढे ते कुणाला ऐकू जातंय? पत्र्यावर एकच थाप पुरते. अंगाला हात लावू नये. लावला तर मार बसतो, आणि आपल्याकडे तो हात राखून बसत नाही. बोलू तर मुळीच नये. मुखवट्याआडून शब्द निघाला की रांगेतून कुणीतरी ओरडतंच, ‘अरे, हाऊ ते आपला पिंट्या शे!’ त्यानंतर त्या भुताला लोक फक्त चहा विचारतात.

पायाखाली फोमची गादी टाकायची युक्ती चांगली. पाऊल रुततं, तोल जातो, निम्मं काम तिथंच होतं. पण फोम पेटतो. न्यू जर्सीतल्या एका मनोरंजन उद्यानात 11 मे 1984 ला ‘हॉन्टेड कॅसल’मध्ये अंधारात वाट दिसावी म्हणून पेटवलेला लायटर भिंतीच्या फोमला लागला. 8 मुलं गेली. आपल्या बंगल्यांत तर कापड, प्लायवूड आणि लोंबत्या वायरी. तिकीट काढण्याआधी हडळ बघत बसू नका. मागच्या अंगाला जाऊन बाहेर पडायला दुसरं दार आहे का, आणि ते दोरीनं बांधून तर टाकलेलं नाही ना, तेवढं बघून या.