आई नोकरीसाठीच आली आहे, हे सिद्ध करताना

माझा मुलगा जर्मनीत व्यावसायिक फुटबॉलपटू झाला, हे कळल्यावर लोक त्याच्या सरावाविषयी, आहाराविषयी आणि गोलांविषयी विचारतात. माझ्याकडे सांगण्यासारखे सर्वांत जास्त आहे ते एका जाड निळ्या फाईलविषयी. त्या फाईलमधील निम्म्याहून अधिक कागद त्याचे नसून माझे आहेत.

2018 च्या नोव्हेंबरमध्ये मी श्टुटगार्टजवळच्या एका कंपनीच्या नोकरीच्या करारावर सही केली. मी धातुशास्त्राची अभियंता. कोल्हापूरजवळ शिरोलीच्या औद्योगिक वसाहतीत चौदा वर्षे फाउंड्रीत काम केले होते, आणि ओतीव भागांमध्ये ब्लोहोल, म्हणजे हवेच्या पोकळ्या, का पडतात हे शोधण्याचे तेच काम इथे अधिक पगारावर मिळत होते. फुटबॉलचा या निर्णयाशी काडीचाही संबंध नव्हता. 2019 च्या फेब्रुवारीत मी ब्लू कार्डवर, म्हणजे उच्चशिक्षित परदेशी नोकरदारांना मिळणाऱ्या युरोपीय परवान्यावर, एकटी आले. पती आणि मुलगा शाळेचे वर्ष संपवून, व्हिसा हाती पडताच जुलैत आले. या तारखा मी मुद्दाम देत आहे, कारण पुढे सारे त्यांच्यावरच अवलंबून राहिले.

आमच्या घरात फुटबॉल आला तो पतींकडून. ते शाहू स्टेडियमवर पेठेच्या संघातून खेळलेले. पाटाकडील तालीम आणि शिवाजी तरुण मंडळ या स्थानिक संघांचा सामना असला की कोल्हापुरात कोणते वातावरण असते, हे तिथे वाढलेल्या माणसाला सांगावे लागत नाही. 2017 मध्ये भारतात सतरा वर्षांखालील विश्वचषक झाला आणि भारताच्या संघात कोल्हापूरचा अनिकेत जाधव दिसला, तेव्हा आमचा मुलगा अकरा वर्षांचा होत होता. त्यानंतर तो गावातल्या एका अकादमीत जाऊ लागला आणि तिथल्या प्रशिक्षकांनी, ज्यांना तो आजही काका म्हणतो, त्याची रीतसर नोंदणी करून घेतली. ही नोंदणी आधी आम्हाला अडचण वाटली आणि सहा वर्षांनी तिचाच उपयोग निघाला.

इथे आल्यावर ऑगस्टमध्ये आम्ही त्याला गावातील छोट्या हौशी क्लबमध्ये घेऊन गेलो. प्रशिक्षकांनी दोन दिवस त्याचा खेळ पाहिला आणि सांगितले की सरावाला उद्यापासून यावे, सामने मात्र श्पीलरपास, म्हणजे खेळाडूचे ओळखपत्र, आल्याशिवाय खेळता येणार नाहीत. मला वाटले, फोटो आणि जन्मदाखला दिला की आठवड्याभरात काम होईल.

तसे होत नाही. फिफाच्या खेळाडूंच्या बदलीविषयीच्या नियमावलीत कलम 19 आहे आणि त्याचा मूळ नियम सरळ आहे: अठरा वर्षांखालील खेळाडूची एका देशातून दुसऱ्या देशात बदली होणार नाही. अपवाद मोजके आहेत. युरोपीय संघाच्या अंतर्गत सोळा ते अठरा वयाच्या मुलांसाठी एक, सीमेपासून पन्नास किलोमीटरच्या आत राहणाऱ्यांसाठी एक, निर्वासितांसाठी एक, असे ते जातात. आमच्या कामाचा अपवाद एकच होता: खेळाडूचे आईवडील फुटबॉलशी संबंध नसलेल्या कारणासाठी नव्या देशात राहायला आलेले असले पाहिजेत. थोडक्यात, तेरा वर्षांच्या मुलाला गावच्या मैदानावर रविवारचा सामना खेळायचा असेल, तर त्याच्या आईने आपण इथे का आलो हे कागदोपत्री दाखवायचे.

माझ्या नोकरीचा करार, ब्लू कार्ड, रहिवासाची नोंद, तिघांची पारपत्रे, मुलाचा जन्मदाखला आणि स्थलांतराचे कारण सांगणारे निवेदन, हे सर्व गोळा करायचे होते. याशिवाय कंपनीचे पत्रही जोडावे, असे क्लबच्या कार्यवाह बाईंनी सुचवले. मी मनुष्यबळ विभागात गेले आणि माझ्या तेव्हाच्या मोडक्या जर्मनमध्ये सांगितले की, मी फुटबॉलसाठी इथे आलेले नाही असे पत्र मला हवे आहे. समोरच्या बाईंनी चष्मा काढून माझ्याकडे पाहिले. तीस वर्षांच्या नोकरीत असे पत्र कुणी मागितले नव्हते, असे त्या म्हणाल्या. मग त्यांनी विचारले, "तुम्ही खेळता का?" मी तेव्हा त्रेचाळीस वर्षांची होते आणि कारखान्याचे जड बूट घालून उभी होते.

जन्मदाखल्याने आणखी पाच आठवडे घेतले आणि त्याचा दोष सर्वस्वी आमचा. मुलाच्या जन्मानंतर रुग्णालयातून नोंद झाली, दाखला मिळाला आणि तो आम्ही कपाटात ठेवला. बारशानंतर नाव नोंदवायचे राहूनच गेले. शाळेचा दाखला आणि पारपत्र दुसऱ्या कागदांवर निघाल्यामुळे ते कधी लक्षातही आले नाही. मी धाकट्या दिरांना नवी प्रत काढायला सांगितली, तेव्हा त्यांचा कार्यालयाच्या दारातूनच फोन आला: "वहिनी, दाखल्यावर पोराचं नावच नाही की! नुसती रेघ आहे." सासूबाई वयाच्या बहात्तराव्या वर्षी नातवाचे नाव लावायला रांगेत उभ्या राहिल्या, प्रतिज्ञापत्र झाले आणि इंग्रजी मजकूर असलेला नवा दाखला आला. जे कुणी मुलांसह परदेशी निघाले असतील, त्यांनी आज रात्री कपाट उघडून ती रेघ तपासावी, एवढे मी नक्की सांगेन.

मुलगा दहा वर्षांपेक्षा मोठा आणि भारतात नोंदणी झालेला, त्यामुळे जर्मन फुटबॉल संघटनेने अखिल भारतीय फुटबॉल महासंघाकडून आंतरराष्ट्रीय बदलीचे प्रमाणपत्रही मागवले. काकांनी नोंदणी केलीच नसती तर बरे झाले असते, असे मी त्या दिवसांत चिडून म्हटले होते. प्रमाणपत्र आले, श्पीलरपास आला आणि नोव्हेंबरमध्ये त्याचा पहिला सामना झाला.

तो सामना माझ्या डोळ्यांसमोर आहे. पाऊस, कृत्रिम गवत आणि तीस-पस्तीस पालक. कोल्हापूरच्या टणक मैदानावर वाढलेला आमचा मुलगा चेंडू पायाला चिकटवून दोघांना चकवू शकत असे आणि तसे केले की हलगीवर थाप पडे, याची त्याला सवय होती. इथे त्याने पहिल्याच मिनिटाला चेंडू घेतला, तेव्हा सगळा संघ एकच शब्द ओरडला: "हिंटरमान!" तुझ्या मागे माणूस आहे, असा त्याचा अर्थ. त्याला अर्थ माहीत नव्हता, चेंडू गेला आणि गोल झाला. घरी येताना तो गाडीत एक अक्षर बोलला नाही. रात्री जेवताना मात्र त्याने बाबांना विचारले, "मागे बघायचं आपल्याकडे कुणी शिकवलंच नाही ना?" पतींनी उत्तर दिले नाही. शाळेत तो परदेशी मुलांसाठीच्या भाषावर्गात होता आणि तिथे वर्षभरात शिकला नसता एवढे जर्मन तो त्या मैदानावर तीन महिन्यांत शिकला. पुढे 2020 आणि 2021 मध्ये करोनामुळे हौशी फुटबॉल वारंवार बंद पडला. त्या काळाविषयी वेगळे सांगण्यासारखे काही नाही. तो इमारतीमागच्या भिंतीवर चेंडू मारत राहिला आणि शेजाऱ्यांनी दोनदा तक्रार केली.

2021 च्या शरद ऋतूत एका व्यावसायिक क्लबच्या अकादमीचा माणूस सामना पाहायला आला, मग तीन आठवड्यांची चाचणी झाली आणि पुढच्या उन्हाळ्यापासून प्रवेश देण्याचे तोंडी ठरले. आम्ही कोल्हापूरला फोन करून पेढे वाटायला सांगितले. जानेवारीत क्लबच्या कायदेविषयक विभागातून पत्र आले की प्रवेश थांबवण्यात आला आहे आणि पालकांनी समक्ष भेटावे.

टेबलावर एका ई-मेलची छापील प्रत होती. 2019 च्या एप्रिलमध्ये, म्हणजे मी जर्मनीत आणि ते कोल्हापुरात असताना, माझ्या पतींनी याच क्लबच्या सर्वसाधारण पत्त्यावर मुलाचा एक व्हिडिओ पाठवला होता आणि उत्साहाच्या भरात लिहिले होते की, आमचे कुटुंब मुलाच्या फुटबॉलसाठीच जर्मनीला येत आहे. त्या ई-मेलला कुणी उत्तर दिले नव्हते. मला तर त्याचा पत्ताही नव्हता. क्लबने आमचे आडनाव आपल्या नोंदीत शोधले आणि ते वाक्य वर आले. माझ्या निळ्या फाईलमधील प्रत्येक कागद जे सांगत होता, त्याच्या नेमके उलटे ते एक वाक्य सांगत होते. पती मान खाली घालून बसले होते. त्यांनी खोटे लिहिले होते असेही मी म्हणणार नाही. त्यांच्या दृष्टीने ते कदाचित खरे होते.

मी रागावले होते, पण क्लबच्या वकिलांनी शांतपणे जे सांगितले ते मला पटले. मुलांना चाचणीच्या नावाखाली युरोपात आणून नंतर रस्त्यावर सोडून देणारे लोक होते आणि आहेत. कॅमेरूनचे माजी खेळाडू जाँ-क्लोद म्बव्हुमाँ यांनी फ्रान्समध्ये संस्था काढली, ती अशाच सोडून दिलेल्या आफ्रिकी मुलांसाठी. म्हणून 2001 पासून हा नियम आहे. क्लबांची पळवाट अशी असे की मुलगा घ्यायचा आणि बापाला क्लबच्याच ओळखीने कुठेतरी चिकटवून द्यायचे, म्हणजे आईवडील नोकरीसाठी आले असे दाखवता येते. 2014 मध्ये अल्पवयीन खेळाडूंच्या नोंदणीतील उल्लंघनांसाठी फिफाने बार्सिलोनावर दोन ट्रान्सफर विंडोंची, म्हणजे नवे खेळाडू घेण्याच्या दोन मुदतींची, बंदी घातली. त्या प्रकरणात ताकेफुसा कुबो हा जपानी मुलगा खेळता येईना म्हणून 2015 मध्ये मायदेशी परतला, तेव्हा तो तेरा वर्षांचा होता. आमच्या मुलाचे तसे होऊ नये आणि क्लबवर बंदी येऊ नये, दोन्ही कारणे आहेत, असे ते प्रामाणिकपणे म्हणाले.

अखेर तारखांनी वाचवले. माझ्या करारावरची सही नोव्हेंबर 2018 ची, मी रुजू झाले फेब्रुवारी 2019 मध्ये आणि तो ई-मेल एप्रिलचा. ज्या नोकरीसाठी मी आधीच येऊन पोहोचले होते, तिचे कारण नंतरचा ई-मेल असू शकत नाही. मी तीन वर्षांच्या पगारपत्रकांची चळत दिली, पतींनी एका गोदामात आपण स्वतः शोधलेल्या नोकरीचे कागद दिले आणि ते वाक्य कोणत्या भावनेने लिहिले याचे दोन पानी निवेदन दिले. मेमध्ये होकार आला. नियम योग्य आहे असे मला वाटते. पण त्याची झळ लबाडांपेक्षा सरळ माणसांना अधिक लागते, कारण लबाडांकडे कागद आधीपासून तयार असतात.

अकादमीतील तीन वर्षे मी झटकन ओलांडते, कारण ती त्याची आहेत, माझी नाहीत. शाळा, दुपारी क्लबची गाडी, सराव, रात्री नऊला घर. 2024-25 च्या हंगामात जर्मनीत सतरा आणि एकोणीस वर्षांखालील गटांसाठी नवी राष्ट्रीय युवा लीग सुरू झाली आणि तिच्या पहिल्याच वर्षी तो एकोणीसखालील संघात खेळला. एजंटांचे फोन आले. ज्याने मुलाच्या आधी आमच्याशी बोलण्याचे सौजन्य दाखवले, त्यालाच आम्ही चहाला बोलावले. 2025 च्या उन्हाळ्यात क्लबच्या दुसऱ्या, म्हणजे राखीव, संघासाठी त्याने दोन वर्षांच्या करारावर सही केली. पगार मोठा नाही.

कोल्हापुरातून त्याच्या जुन्या मित्राने मध्यंतरी विचारले की, काकू, मला येता येईल का. मी त्याला जसे आहे तसे सांगितले. अठरा पूर्ण झाल्याने कलम 19 आड येणार नाही, पण थेट खेळाडू म्हणून जर्मनीचा परवाना हवा असेल, तर क्लबने पेन्शन विम्याच्या अंशदान मर्यादेच्या (ज्या पगारापर्यंतच हप्ता कापला जातो, तिच्या) निम्मा तरी पगार द्यावा लागतो, म्हणजे 2025 च्या हिशेबाने महिना 4,025 युरो, आणि शिवाय राष्ट्रीय संघटनेने त्याच्या खेळाची पात्रता प्रमाणित करावी लागते. खालच्या लीगमधील क्लब अनोळखी मुलाला एवढा पगार देत नाहीत. माझ्या मुलाला ही अट लागली नाही, कारण तो आमचे मूल म्हणून आला होता आणि त्या परवान्यातच काम करण्याचा हक्क होता. मित्र त्याच्याहून कमी चांगला खेळत होता असे मला कधी वाटले नाही.

नागरिकत्वाचा अर्ज अजून भरलेला नाही. जर्मनी 2024 पासून दुहेरी नागरिकत्व मान्य करते, भारत करत नाही. जर्मन पारपत्र घेतले की भारताच्या संघाचे दार बंद होते. बापलेकांची यावर दर रविवारी चर्चा होते आणि मी भांडी घासायला उठते.

सध्या मी वेगळ्याच कागदांत आहे. फिफाच्या नियमानुसार खेळाडूने पहिला व्यावसायिक करार दुसऱ्या देशात केला, तर बाराव्या वर्षापासून त्याला घडवणाऱ्या क्लबांना प्रशिक्षणाची भरपाई मिळू शकते आणि युरोपातील क्लबसाठी त्या कोवळ्या वयाचा दर वर्षाला 10,000 युरो धरला जातो. काकांच्या अकादमीत तो बाराव्या वर्षी होता, आणि ज्या नोंदणीवर मी चिडले होते तीच आता पुरावा आहे. ही रक्कम 2022 मध्ये सुरू झालेल्या फिफाच्या क्लिअरिंग हाउसमार्फत, म्हणजे अशी देणी क्लबांपर्यंत पोहोचवणाऱ्या यंत्रणेमार्फत, जाते, आणि पैसे घेणाऱ्या संस्थेची आधी तपासणी होते: संस्थेची नोंदणी, पदाधिकाऱ्यांची ओळखपत्रे, बँकेचे तपशील. मी काकांना यादी वाचून दाखवली. पलीकडे बराच वेळ शांतता होती. मग ते म्हणाले, "वहिनी, संस्थेचं नाव बँकेत एक आणि नोंदणीत एक असं आहे. चालंल का?"

मी त्यांना म्हटले, संस्थेच्या घटनेची प्रत शोधा, मी रात्री पुन्हा फोन करते.