दरीतल्या गावाला उजेडाचा पाट

माझ्या कथेत सुरुवातीला एक मणी होता. दिवसभर उन्हात ठेवायचा, रात्रभर उजेड देणार. कथा एका दिवाळी अंकाकडे पाठवली, तर संपादकांचा फोन आला. म्हणाले, "ताई, मण्याच्या जागी कंदील ठेवला तर गोष्टीत काय अडेल?" काहीच अडत नव्हतं. मग मी तो मणी काढला आणि उजेडाचं काम मुळापासून हाती घेतलं. कल्पित जग रचायला बसलेल्या कुणाला उपयोग होईल म्हणून ते इथे लिहून ठेवतेय.

ठाण्याचं मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ सालचं. तिथे बसून प्रकाशावर जे जे मिळेल ते वाचत गेले. बरंचसं डोक्यावरून गेलं, पण एक प्रयोग मनात रुतला. १८४१ साली जिनिव्हात डॅनियल कोलाडॉनने पाण्याच्या धारेतून प्रकाश वळवून दाखवला होता. पुढे १८५४ मध्ये लंडनला जॉन टिंडलनेही तसंच करून दाखवलं. पाण्यातला किरण लंबाशी साधारण ४९ अंशांहून जास्त तिरपा पडला तर तो हवेत निसटत नाही, आतल्या आत परतत राहतो. हे पूर्ण आंतरिक परावर्तन दहावीला पाठ केलं होतं, डोळ्यांनी कधी पाहिलं नव्हतं.

म्हणून रात्री मोरीत दिवा घालवून बसले. प्लास्टिकच्या बाटलीला बुडाजवळ एका बाजूला भोक, समोरच्या बाजूने लेझर पॉइंटर. धार सुटली आणि हिरवा किरण तिच्याबरोबर वाकून खाली बादलीत उतरला. पाणी कमी झालं तशी धार बारीक होत गेली, मध्येच तुटून थेंब पडायला लागले, आणि जिथे ती तुटली तिथेच उजेड संपला. मला माझ्या जगाचा पहिला नियम मिळाला: धार तुटली की उजेड तुटला.

मग गाव सुचलं. खोल, अरुंद दरी. ऊन फक्त वरच्या कड्यापर्यंत. कड्यावरून पाट काढून पाण्याबरोबर उजेड खाली आणायचा. पाटाच्या तळाला ओपदगड लावलेला, तो उजेड शोषत नाही. हा दगड तेवढा माझ्या पदरचा. बाकी सगळं पाण्याने आणि प्रकाशाने त्यांच्या स्वभावाप्रमाणे वागायचं, एवढी अट मी स्वतःला घातली.

त्या अटीनेच पुढचं सगळं दिलं. जुलैत येऊरचे ओढे चहासारखे गढूळ होतात. तसं पाणी आलं की पाट अंधारणार. म्हणजे गावात पाणी निवळणारी माणसं हवीत, तुरटी आणि निवळीच्या बिया राखणारी, आणि पावसाळ्यात त्यांच्या शब्दाला सरपंचापेक्षा वजन हवं. उजेड साठवता येत नाही, त्यामुळे वर ढग आले की खाली दुपारीच रात्र.

सगळ्यात मोठी गोष्ट रंगाची. पाणी तांबडा रंग आधी गिळतं. काही मीटरांतच तो बराच उणावतो आणि लांबवर निळाच तेवढा उरतो. म्हणजे पाटाच्या मुखाशी राहणाऱ्यांना पांढरा उजेड आणि टेलच्या, म्हणजे पाटाच्या शेवटच्या टोकाच्या, वस्तीला निळा. टेलच्या बायका कुंकू लावतात, पण त्यांना ते काळंच दिसतं. तिथली एक मुलगी लग्न होऊन वरच्या आळीत येते आणि सासूच्या कपाळावर लाल पाहते. कथेची नायिका मला तिथे भेटली. संपादकांच्या प्रश्नाचं उत्तरही तेच होतं. कंदील ठेवला असता तर ही मुलगी जन्मालाच आली नसती.

वाटपाची पद्धत मला शोधावी लागली नाही. मामाचं गाव साक्री तालुक्यात, पांझरेच्या काठी. धुळे-नाशिककडच्या फड पद्धतीत बंधाऱ्याचं पाणी गावच वाटतं, पाटकरी दारं उघडतो, पाळी ठरलेली असते. मी पाण्याच्या पाळीच्या जागी उजेडाची पाळी ठेवली. पाटकरी तोच, भांडणंही तीच.

नौपाड्यात आम्ही तळमजल्यावर राहतो. शेजारी टॉवर उभा राहिल्यापासून आईला भर दुपारी गहू निवडायला ट्यूबलाइट लावावी लागते. वरच्या मजल्यांवर मात्र त्याच वेळी पडदे ओढलेले असतात. ऊन कुणाच्या वाट्याला किती यावं, हे आपल्या शहरांत कुणीतरी ठरवतंच असतं, आणि ते ठरवताना तळमजल्याला विचारलं जात नाही. याचा मला मनापासून राग आहे. कथेत मी तो बोलून दाखवलेला नाही, पाटाच्या दारांवर सोपवलाय.

कथा नव्याने लिहून पाठवली, ती घेतली. आता दीर्घकथा करतेय. टेलच्या लोकांनी मागणी केलीय की पाळी उलटी करा, आधी खालचं दार उघडा. पण आधी उघडलं म्हणून लाल खाली पोचत नाही, अंतर तेवढंच राहतं. त्यांना एकतर कड्यापासून सरळ, आखूड असा दुसरा पाट खोदावा लागेल, नाहीतर वस्तीच वर हलवावी लागेल. सरळ पाट वरच्या आळीच्या अंगणांतून जातो. सध्या त्या जमिनीवरून बसलेली गावसभा लिहितेय, आणि नायिकेची सासू अजून बोललेली नाही.