एका गोळीचं शेवटचं अक्षर

मेडिकल कोडिंगच्या रात्रपाळीत आज अमेरिकेतला एक चार्ट (पेशंटच्या उपचारांची नोंद) आला. पेशंटची बोटं नीट वळत नाहीत. मूळ कारण जुनं, हल्ल्यात लागलेली गोळी. अशा वेळी आयसीडी-१० सीएममध्ये (आजार-जखमांच्या कोडची अमेरिकेतली यादी) आधी आजच्या त्रासाचा कोड, मग मूळ जखमेचा कोड, त्याचं सातवं अक्षर ‘एस’. हल्ल्याच्या कोडलाही ‘एस’च.

टीममधला नवा पोरगा म्हणे, "इतकं जुनं कशाला लिहायचं बे?" अरे, ‘एस’ला मुदत नसते! जखमेवर मुख्य उपचार सुरू असताना ‘ए’, भरून येतानाच्या तपासण्यांना ‘डी’, मागे राहिलेल्या दुखण्याला ‘एस’. बंदूक कुठली हे डॉक्टरनं लिहिलंच नव्हतं (नेहमीचंच!), म्हणून एक्स९५.९, म्हणजे ‘बंदूक कुठली ते माहीत नाही’ असा हल्ल्याचा कोड. मनानं पिस्तूल ठरवून पिस्तुलाचा एक्स९३ टाकायचा नसतो. पोरगा तरी वाद घालत होता. शेवटी नागपूरच्या मिहानच्या गेटबाहेर तर्री-पोह्यांवर गप्प झाला.