फाइली कॉपी केल्या म्हणजे गेम जतन झाला असं नाही

जुन्या फ्लॉपीवरच्या फाइली हार्डडिस्कवर ओढायच्या, झिप करायची आणि ऑनलाइन संग्रहात चढवायची, एवढ्यावर बरेच जण थांबतात. पण १९८० च्या दशकातल्या कितीतरी गेमची कॉपी रोखण्याची सोय फाइलींमध्ये नसायचीच. ती असायची मुद्दाम खराब लिहिलेल्या सेक्टरांत (डिस्कवरच्या माहितीच्या छोट्या तुकड्यांत), दर वाचनाला वेगळं उत्तर देणाऱ्या कमकुवत बिटांत, नेहमीपेक्षा लांब ट्रॅकमध्ये, म्हणजे माहितीच्या गोल पट्ट्यांत. फाइली कॉपी करताना हे सगळं गळून पडतं आणि गेम ‘मूळ डिस्क घाला’ म्हणत अडून बसतो.

म्हणून फ्लॉपीवरचे चुंबकीय बदल, म्हणजे फ्लक्स, जसेच्या तसे टिपावेत. त्यासाठी ग्रीझवीझल किंवा क्रायोफ्लक्स हा बोर्ड फ्लॉपी ड्राइव्ह आणि संगणक यांच्यामध्ये जोडतात. प्रत्येक ट्रॅकचे पाच फेरे घ्या. कमकुवत बिट एका फेऱ्यात ओळखूच येत नाहीत, फेऱ्यांची तुलना केली तरच कळतात. ड्राइव्ह मिनिटाला ३०० फेरे मारतो, म्हणजे एका ट्रॅकला एक सेकंद. ८० ट्रॅक आणि दोन बाजू धरल्या तर एक फ्लॉपी साधारण तीन मिनिटांत होते. फाइल मूळ फ्लॉपीच्या कित्येक पट मोठी होईल, होऊ द्या. सेक्टरवार इमेज, म्हणजे डिस्कवरच्या फक्त माहितीची एका फाइलमधली प्रत, त्यातून नंतर केव्हाही काढता येते, उलटं करता येत नाही. साध्या १.४४ एमबी फ्लॉपीची इमेज बरोबर १४,७४,५६० बाइटची भरली पाहिजे. कमी भरली तर वाचन अर्धवट राहिलं.

पण त्याआधी राइट-प्रोटेक्ट, म्हणजे फ्लॉपीवर नवं काही लिहिलं जाऊ नये अशी सोय. साडेतीन इंची फ्लॉपीच्या कोपऱ्यातली छोटी खिडकी उघडी ठेवा, सव्वापाच इंचीच्या कडेची खाच अपारदर्शक चिकटपट्टीने झाका. विंडोज ९५ आणि ९८ नुसती फ्लॉपी उघडली तरी तिच्या बूट सेक्टरमध्ये स्वतःची खूण लिहून ठेवायचे. त्यामुळे एकाच गेमच्या दोन फ्लॉप्यांचे हॅश (मजकुरावरून काढलेली ओळखखूण) जुळत नाहीत आणि दोन वेगळ्या आवृत्त्या असल्याचा भास होतो. आणि बुरशीचे डाग दिसणारी फ्लॉपी ड्राइव्हमध्ये घालूच नका. बुरशी आणि सुटलेला लेप हेडला चिकटतो आणि पुढच्या चांगल्या फ्लॉपीवर चरा पाडतो. वाचन अडखळू लागलं की थांबून हेड ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसावं.

सीडीच्या बाबतीत आयएसओ या नेहमीच्या इमेज प्रकाराचा मोह आवरा. आयएसओत प्रत्येक सेक्टरचे २,०४८ बाइट येतात, पूर्ण सेक्टर असतो २,३५२ चा. शिवाय ऑडिओ ट्रॅक त्यात येतच नाहीत. १९९६ च्या ‘क्वेक’चं संगीत सीडीवर ऑडिओ ट्रॅक म्हणूनच होतं, त्याची आयएसओ केली तर गेमचं संगीतच जातं. बिन (पूर्ण सेक्टरांची फाइल) आणि क्यू (ट्रॅकांची यादी) अशी जोडी करा. डिस्क दोनदा वाचा, शक्य तर दोन वेगळ्या ड्राइव्हवर, आणि हॅश जुळले तरच पुढे जा.

इंटरनेट आर्काइव्हवर गेम ब्राउझरमध्येच खेळता यावा असं वाटत असेल तर इन्स्टॉल केलेल्या गेमची झिप वेगळी द्या, मूळ इमेजही सोबत ठेवा. मेटाडेटात, म्हणजे सोबतच्या माहितीत, तीन गोष्टी लागतात: कोणता एम्युलेटर (जुन्या यंत्राची नक्कल करणारा प्रोग्रॅम), फाइलचा प्रकार आणि सुरू करायच्या फाइलचं नाव. ती फाइल झिपमध्ये एखाद्या फोल्डरच्या आत असेल तर पूर्ण मार्ग लिहावा लागतो. चढवण्याआधी गेमच्या सेटअपमध्ये साउंड ब्लास्टर हे जुनं साउंड कार्ड निवडा: पत्ता २२०, आयआरक्यू ७, डीएमए १. डॉसबॉक्स हा डॉसचे गेम चालवणारा एम्युलेटर मुळात याच आकड्यांवर असतो. आयआरक्यू ५ राहून गेला की संगीत वाजतं, पण गोळीबाराचा आवाज येत नाही किंवा गेम गोठतो. टर्बो पास्कल वापरून लिहिलेल्या काही गेमना वेगवान यंत्रावर ‘रनटाइम एरर २००’ येतो. सुरुवातीला वेग मोजताना त्यांचा भागाकार आकड्याच्या मर्यादेबाहेर जातो, म्हणून डॉसबॉक्सच्या सायकल्स (नकली यंत्राचा वेग) कमी कराव्यात. मागच्या मालकाचे सेव्ह आणि हायस्कोअर झिपमध्ये राहिले नाहीत ना, तेही पाहा.

पुस्तिका विसरली तर बाकी कष्ट वाया जाऊ शकतात. अनेक गेम अमुक पानावरचा अमुक शब्द विचारत, काही फिरत्या कोडचक्रावरून उत्तर मागत. चक्राच्या चकत्या सुट्या करता येत असतील तर प्रत्येक वेगळी स्कॅन करा. एकत्र ठेवून केलं तर खिडकीमागचे अंक झाकलेले राहतात. स्कॅन ६०० डीपीआयवर, टिफ फाइलमध्ये.

क्रॅक केलेली, म्हणजे कॉपी रोखण्याची सोय काढून टाकलेली, प्रत असेल तर नावातच तसं लिहा. क्रॅकमध्ये कोडचे बाइट बदललेले असतात, कधी सुरुवातीचा पडदाही वेगळा असतो, आणि पुढे कुणी तीच मूळ आवृत्ती समजून बसतं. हक्कांचं म्हणाल तर ‘अबँडनवेअर’ (मालकाने वाऱ्यावर सोडलेला गेम) या शब्दाला कायद्यात स्थान नाही. विक्री बंद झाली म्हणून कॉपीराइट संपत नाही. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनच्या २०२३ च्या अभ्यासानुसार अमेरिकेत २०१० पूर्वी निघालेल्या गेमपैकी ८७ टक्के तेव्हा विक्रीत नव्हते. त्यामुळे सार्वजनिक करण्याची परवानगी नसली तरी इमेज काढणं लांबवू नका. फ्लक्स, हॅश, स्कॅन आणि कोणत्या ड्राइव्हवर वाचलं याची नोंद, सगळं एका फोल्डरमध्ये ठेवून दोन वेगळ्या जागी जपा.