तुम्ही विचारलंत म्हणून: रुई कधी काढणार?

जिन्यात, लिफ्टमध्ये, गणपतीची वर्गणी देताना, प्रश्न एकच: "काका, ती रुई कधी काढताय?" दरवेळी हसून वेळ मारून नेली. आता एकदाच सांगतो.

रुई शोभेसाठी नव्हतीच. प्लेन टायगर या फुलपाखराची मादी तिच्या पानामागे एकेक करून अंडी घालते. अळी रुईतलं, थेट हृदयावर घाला घालणारं विष अंगात साठवते आणि ते पुढे फुलपाखरात उतरतं. एकदा चाखून ओकलेला पक्षी पुन्हा वाटेला जात नाही. म्हणून तर टायगर आणि क्रो ही सगळी फुलपाखरांची भावकी अशी निवांत उडते. डॅनाइड एगफ्लाय या दुसऱ्या फुलपाखराची मादी या टायगरचं सोंग इतकं बेमालूम घेते की मी अजून फसतो. टायगरच्या नरांना खुळखुळ्याचं वाळकं झुडूप लागतं. त्यातल्या द्रव्यांतून माद्यांना भुलवणारा गंध तयार होतो. त्या 'काटक्या' का ठेवल्यात, हेही विचारून झालंय तुमचं.

आता त्या संध्याकाळचं. तिसऱ्या मजल्यावरच्या छोटीला मी अळी दाखवत होतो. काळे-पांढरे-पिवळे पट्टे, पाठीवर काळ्या शिंगांच्या तीन जोड्या. अळी आधी पानाची मधली शीर कुरतडते, चीक गळू देते, मग पुढचं पान खाते. ते जवळून दिसावं म्हणून छोटीने पान ओढलं. देठ तुटला, बोटं चिकाने माखली आणि तिने डोळा चोळला. सुरुवातीला फारसं दुखलंही नाही तिला, हसतच होती. मी नळाखाली डोळा धुतला, धुतच राहिलो. रात्री तिला सगळं धुरकट दिसायला लागलं. डॉक्टर म्हणाले, बुबुळ सुजलंय. पुढे नजर पूर्ववत झाली. पण दवाखान्याच्या बाकावर तिच्या आईने माझ्याकडे एकदाही पाहिलं नाही.

त्याच आठवड्यात सोसायटीची मीटिंग झाली आणि रुई अळ्यांसकट तोडली गेली.

गेटवरची कण्हेर काय कमी विषारी आहे? तिच्यावर कॉमन क्रोच्या अळ्या वाढतात, पण फुलं गुलाबी, म्हणून कुणी ब्र काढत नाही. आणि दर शनिवारी मारुतीच्या माळेसाठी याच रुईची पानं अंड्यांसकट ओरबाडणारे मीटिंगला पहिल्या रांगेत होते! हे सगळं त्या माउलीसमोर बोलून दाखव, असं मी स्वतःलाच बजावतो. तोंड उघडत नाही.

पूर्वी मी ठासून सांगायचो, पोरांना अळ्या हाताळू द्या, त्याशिवाय ओढ लागत नाही. आजही तेच वाटतं. फक्त कुणाच्या पोराला हाक मारत नाही.

खुंटाला परत फुटवे आलेत. ते मी लावलेले नाहीत आणि काढणारही नाही. ज्याला काढायचे असतील त्याने हातमोजे घालावेत आणि हात धुतल्याशिवाय डोळ्याला लावू नयेत.