गुच्छी भिजवताना

आज सोलापुरातल्या घरी २० ग्रॅम वाळलेली गुच्छी भिजवली. ही हिमालयातली रानअळंबी. बर्फ वितळलं की हिमाचल, उत्तराखंड, काश्मीरच्या जंगलांत, देवदार आणि बांज (हिमालयातला ओक) या झाडांच्या आसपास उगवते. ताजी असताना हीच साधारण २०० ग्रॅम भरली असती, म्हणून तर एवढी महाग!

टोपीच्या जाळीत रेती अडकलेली असते. आधी कोरडीच हलक्या हाताने झटकायची, मग कोमट पाण्यात अर्धा तास. नंतर प्रत्येक गुच्छी उभी चिरून बघाच. टोकापासून देठाच्या बुडापर्यंत एकच सलग पोकळी हवी. आत कापसासारखा गर किंवा कप्पे दिसले तर ती फेकून द्या. दिसायला सारख्या असणाऱ्या काही जाती विषारी असतात.

भिजवलेलं पाणी मात्र ओतून देऊ नका, अर्धा स्वाद त्यातच असतो. भांडं हलवायचं नाही, तळाचा गाळ सोडून वरचं पाणी सुती कापडातून गाळायचं आणि रश्श्यात घालायचं.

कच्ची किंवा अर्धकच्ची कधीच खायची नाही. २०२३ मध्ये अमेरिकेत मोंटानात अशाच गुच्छीमुळे ५१ जण आजारी पडले, दोघे गेले. तुपात कांदा परतून, गुच्छी घालून, झाकण ठेवून २० मिनिटं तरी शिजवा.

आणि एक, आपलं काळं तिखट यात नको. वास पार दबतो. मीठ, मिरपूड, थोडं दूध, सोबत गरम ज्वारीची भाकरी.