अकबर, बदायुनी आणि फारसी महाभारत

अकबराने महाभारताचे फारसी भाषांतर करवून घेतले, ही गोष्ट बहुतेकांना ठाऊक असते; ते काम प्रत्यक्षात कसे चालले, हे मात्र मला त्याहून अधिक रंजक वाटते. १५८२ साली फतेहपूर सिक्री येथे या कामास आरंभ झाला. भाषांतर करणारा दरबारी विद्वान नकीब खान संस्कृत जाणत नव्हता, आणि देव मिश्र, चतुर्भुज यांच्यासारख्या पंडितांचा फारसीशी फारसा संबंध नव्हता. म्हणून पंडितांनी श्लोक वाचून त्याचा अर्थ हिंदवीत, म्हणजे त्या काळच्या हिंदीत, सांगायचा आणि नकीब खानाने तो फारसीत उतरवायचा, अशी पद्धत ठरली. दीड वर्षात ग्रंथ उभा राहिला आणि त्याला ‘रज्मनामा’, म्हणजे युद्धाचा ग्रंथ, असे नाव मिळाले. त्याची बादशहासाठी तयार झालेली सचित्र प्रत जयपूरच्या राजसंग्रहात आहे.

अकबर या कामाला केवळ पैसा पुरवून स्वस्थ बसला नाही. मजकुरावर त्याची बारीक नजर असे, आणि याचा चटका अब्दुल कादिर बदायुनीला बसला. हा कट्टर धर्मनिष्ठ विद्वान महाभारताला बाष्कळ समजत होता, तरी हुकूम झाल्यामुळे अठरापैकी दोन पर्वे त्याच्या गळ्यात पडली. प्रत्येक कर्माला फळ असते, अशा आशयाची एक फारसी काव्यपंक्ती त्याने भाषांतरात योजली, तेव्हा आपल्या धर्मातला कयामतीचा, म्हणजे अंतिम निवाड्याच्या दिवसाचा, हिशेब याने हिंदूंच्या ग्रंथात घुसडला, असा संशय अकबराला आला आणि बदायुनीला खुलासा करावा लागला. मुळाशी इमान राखण्याचा हा आग्रह अक्षरही वाचता न येणाऱ्या बादशहाने धरावा, याचे मला कौतुक वाटते. अर्थात गीतेचा भाग या ग्रंथात फारच आक्रसला, हेही विसरता येत नाही.

याच दरबारात कवी फैजीने १५८७ साली ‘लीलावती’ हा भास्कराचार्यांचा गणितावरचा संस्कृत ग्रंथ फारसीत आणला, आणि त्यामुळे त्यांचे गणित फारसी वाचकांपर्यंत पोहोचले. चाळीसगावजवळच्या पाटणे येथील शिलालेखात भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याची नोंद आहे, म्हणून खानदेशातल्या वाचकाला या भाषांतराविषयी थोडी अधिक आपुलकी वाटणे साहजिक आहे.

बदायुनीची सुटका मात्र झाली नाही. पुढे रामायणही त्याच्याच माथी आले, आणि त्यात त्याची चार वर्षे गेली. शेवटी प्रस्तावना लिहिण्याची आज्ञा झाली, तेव्हा पैगंबराच्या स्तुतीविना ती लिहावी लागेल या भीतीने त्याने ती टाळली. आपली ही सारी कुरकुर त्याने बादशहाच्या नकळत लिहिलेल्या इतिहासात नोंदवून ठेवली आहे.